वनिंगच्या नावावरचे किलोमीटर

शुक्रवारपासून वनिंगचा जीव थाऱ्यावर नव्हता. आणि ओढवून कुणी घेतलं होतं? तिनेच.

ही मुलगी बस पकडायलासुद्धा कधी पळाली नव्हती. पण मोबाइलमधलं पळणाऱ्यांचं ॲप बघाल, तर दर रविवारी दहा किलोमीटर! सेमारांग शहरातल्या तिच्या ऑफिसातली सगळी पोरं पळायला लागली होती. नवे बूट, पळून झाल्यावर कॉफी, कॉफीबरोबर फोटो. आपणच कसं मागे राहायचं? मग बाईसाहेबांनी पैसे देऊन जोकी धरला, म्हणजे दुसऱ्याच्या नावावर भाड्याने पळणारा पोरगा. तो तिच्या खात्यावरून पळायचा, आणि ही अंथरुणात लोळत लोकांची शाबासकी वाचायची. निम्मं ऑफिस हेच करत असेल, अशी तिने स्वतःची समजूतही घातली होती.

अंगाशी आलं ते तुंगुलसाहेबांमुळे. पन्नाशी ओलांडलेले हे तिचे साहेब, साधे गृहस्थ, तिचे आकडे बघून पळायला लागले. शुक्रवारी त्यांनी तिला विचारलं, दुसऱ्या किलोमीटरला छातीत आवळल्यासारखं होतं, काय करू? आता हिला काय कप्पाळ ठाऊक! तरी ऐटीत सांगून बसली, सुरुवातीला सगळ्यांनाच होतं, थांबायचं नाही. साहेब खूश झाले. म्हणाले, रविवारी तुझ्याबरोबरच पळतो.

रविवारी सकाळी, गाड्यांना बंद केलेल्या रस्त्यावर, ती त्यांच्या शेजारी धापा टाकत होती. पाय मुरगळल्याचं सोंग करायचं ठरवून आली होती, पण साहेबांचा चेहरा बघून तेही सुचेना. ओठ पांढरे पडलेले, हात छातीवर, आणि माणूस काही थांबायला तयार नाही. खरं सांगितलं, तर उद्या ऑफिसात तोंड दाखवायची सोय नाही. आणि नाही सांगितलं तर?

तिने त्यांचा दंड घट्ट धरला.

"साहेब, थांबा. मी कधी पळालेच नाही. पळायचा तो जोकी."

साहेब फुटपाथवर बसले. घामाने नुसते निथळत होते. कुणीतरी रुग्णवाहिकेला फोन लावला. वनिंग त्यांच्यापुढे उकिडवी बसली. आता ओरडतील, असं तिला वाटलं. ओरडले असते तर बरं झालं असतं.

"मग न थांबायचं ते," साहेबांना श्वास सापडत नव्हता, "ते तरी त्यालाच विचारून सांगितलंस ना, पोरी?"

"नाही, साहेब," वनिंग म्हणाली. "ते माझंच."