गच्चीवरून ऐकू येणारी नबविया

इजिप्तमधल्या मन्सूरा शहरात, नदीकडे उतरणाऱ्या गल्लीत नबवियाच्या बापाचं गाद्या भरायचं दुकान होतं. दिवसभर कापूस पिंजला जायचा आणि त्याचा पांढरा धुरळा उन्हात तरंगत राहायचा. त्या धुरळ्यात बसून ती गायची, गल्लीतल्या एकेकाच्या नकला करायची. ईदची बिस्किटं वळणाऱ्या बायकांची हसून हसून मुरकुंडी वळायची. आई हमीदासुद्धा ओढणीआड हसायची आणि मग दटावायची, "पुरे गं! बाईच्या जातीनं चारचौघांत इतकं हसवू नये."

एकोणिसाव्या वर्षी नबविया एका फिरत्या नाटक कंपनीबरोबर कैरोला निघून गेली. हमीदाने दार लावून घेतलं. कुणी विचारलं की म्हणायची, "कोण नबविया? मला मुलगी नव्हतीच."

नबवियाला खरं तर लोकांना रडवायचं होतं. आवाज तसाच होता तिचा, संध्याकाळच्या पाण्यासारखा. पहिल्याच रात्री विरहाचं गाणं गाताना तिने प्रियकराला मिठी मारली आणि त्याची खोटी मिशी तिच्या बाहीला चिकटून आली. प्रेक्षक खुसखुसू लागले. नबवियाने सूर न सोडता ती मिशी आपल्याच ओठावर लावली आणि डोळे मिटून गात राहिली. थिएटर डोक्यावर घेतलं लोकांनी.

"पोरी, तू आता रडवणं विसर," कंपनीचे मालक उस्ताद अब्दुलवारिस डोळे पुसत म्हणाले.

पुढे सिनेमे आले. कधी खाष्ट सासू, कधी नाक खुपसणारी घरमालकीण, आणि मध्ये एखादं खट्याळ गाणं. रस्त्यात लोक तिला बघून आधीच हसायला लागायचे. मन्सूराचं दार मात्र बंदच होतं.

एका उन्हाळ्यात गल्लीतली जुनी शेजारीण तफीदा तिला भेटायला आली. "तुमच्या घराला लागून उघड्यावरचं सिनेमागृह झालंय," ती म्हणाली. "तुझाच सिनेमा लागलाय. आणि तुझी आई रोज संध्याकाळी गच्चीवर जाऊन बसते."

"बघते?"

"बघेल कशी? भिंत आडवी येते. नुसती ऐकते."

नबविया दुसऱ्या दिवशी मन्सूराला गेली. खालचं दार उघडंच होतं. ती जिना चढून वर गेली. कबुतरं खुराड्यात परतत होती आणि हमीदा भिंतीला टेकून बसली होती. पलीकडून नबवियाचाच आवाज येत होता. हमीदाचे ओठ त्याबरोबर हलत होते. सारे संवाद तोंडपाठ होते तिला.

मुलीला पाहून ती दचकली नाही. जणू तो आवाजच भिंत ओलांडून आला होता.

"बरी आलीस," ती म्हणाली. "मला एक सांग. सासू बनून घरात येतेस, मग तू काहीच बोलत नाहीस आणि लोक हसून हसून मरतात. काय करतेस तेव्हा?"

नबवियाने चपला काढल्या. कबुतरांच्या पाण्याचं घमेलं डोक्यावर घेतलं, पदार्थ जळल्याचा वास आल्यासारखं नाक वाकडं केलं आणि घमेलं न हलवता, गुडघे वाकवत, चोरासारखी गच्चीभर फिरली. शेवटी घमेलं कललं आणि सगळं पाणी तिच्याच अंगावर.

हमीदा हसली. ओढणी तोंडाला न लावता, पोट धरून, डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हसली.

"अगं सटवे," ती धापा टाकत म्हणाली, "एवढंच होतं होय! मला वाटलं, कोण जाणे काय निर्लज्जपणा करत असशील."

"यम्मा, मी..."

"शू! गप्प बस जरा." हमीदाने तिचा ओला हात ओढून तिला शेजारी बसवलं. "आता माझी मुलगी गाणार आहे."

भिंतीपलीकडे वाद्यं सुरू झाली. पडद्याचा निळसर उजेड वरच्या हवेत हलत होता. पहिल्यांदाच नबविया स्वतःचं गाणं आईच्या खांद्यावर डोकं ठेवून ऐकत होती.

त्या हिवाळ्यात हमीदा कैरोला राहायला आली. कैरोच्या पावाला चव नाही, असं ती शेवटपर्यंत म्हणत राहिली. सिनेमागृहात मात्र तिने कधी पाऊल टाकलं नाही. नवा सिनेमा आला की नबविया तो तिला घरीच, खोलीभर फिरून, करून दाखवायची.