बारा एप्रिलचा फळा

बस डेपोच्या चौकशी खिडकीमागे बसणाऱ्या त्या माणसाला आईवडिलांनी ठेवलेलं नाव होतं, पण ते हजेरीपुरतं. एरवी ड्रायव्हरपासून झाडूवाल्या बाईंपर्यंत सगळे त्यांना कॅलेंडरकाका म्हणत. कारण खिडकीशेजारचा फळा. आजच्या तारखेला जगात पूर्वी काय काय घडलं, ते काका पहिली गाडी सुटायच्या आत खडूनं त्यावर लिहीत. तीन ओळी; आधी साल, मग गोष्ट. नियम एकच, घडलेलं चांगलं असलं पाहिजे. लढाया नाहीत, अपघात नाहीत, कोणाचं मरण नाही. "प्रवासाला निघालेल्या माणसाला आगगाडी घसरल्याचं कशाला वाचायला लावायचं?" असं त्यांचं म्हणणं.

आता जगाचा इतिहास असा, की काही तारखांना चांगलं शोधता शोधता माणसाला घाम फुटावा. काका वाचनालयातली जाड पुस्तकं पालथी घालत, गोष्ट दोन ठिकाणी सापडल्याशिवाय फळ्यावर घेत नसत. अगदीच काही हाती लागलं नाही, तर कुठल्या तरी दूरच्या शहरात पूल बांधून झाला यावर भागवत. "काका, आज पुन्हा पुलावर आलात वाटतं," म्हणून कंडक्टर मंडळी त्यांची खेचत. काकाही हसत.

फक्त बारा एप्रिलला फळा कोरा असे आणि काका रजेवर. नव्या माणसानं कारण विचारलं, तर जुने ड्रायव्हर त्याला बाजूला घेऊन हळू आवाजात सांगत. बारा एप्रिलला सकाळी काकांना मुलगी झाली होती आणि त्याच दुपारी तिची आई गेली होती. दवाखान्यात जाण्यापूर्वी काका घाईघाईनं फळा लिहून गेले होते. काही दिवसांनी कामावर परतले, तर त्यांच्याच अक्षरातल्या तीन आनंदाच्या ओळी जशाच्या तशा. पुसायचं कोणाला धाडस झालं नव्हतं. काकांनी त्या तळहातानंच पुसल्या.

मग घरात एक सोय झाली. मुलीचा वाढदिवस तेरा तारखेला करायचा. काकांच्या थोरल्या बहिणीनं, अक्कानं, हे पोर पोटच्यासारखं वाढवलं. "एका दिवसानं काय बिघडतंय?" असं तीच म्हणाली. शाळेत नाव घालतानाही काकांनी तेराच तारीख लिहून दिली. जगाच्या तारखांची इतकी छाननी करणारा माणूस पोटच्या मुलीच्या तारखेला चुकला, तेही जाणूनबुजून. राग यावा अशीच ही गोष्ट. पण काकांचा तेव्हाचा चेहरा ज्यांनी पाहिला होता, त्यांच्यापैकी कोणी ब्रसुद्धा काढला नाही.

मुलगी डेपोच्या अंगाखांद्यावर वाढली. अक्का कामाला गेली, की ती खिडकीमागच्या बाकावर झोपायची. ड्रायव्हर तिच्यासाठी दूध गरम करून आणत, कंडक्टर पाढे घोकून घेत. शिकून ती नर्स झाली आणि लहान मुलांच्या लसीकरणाच्या कामाला लागली.

काकांच्या निवृत्तीला दोनच महिने उरले, तेव्हा एकदा जेवताना ती म्हणाली, "बाबा, यंदा बारा तारखेला फळा लिहा. एकदा तरी मला माझा वाढदिवस त्याच्या दिवशी हवाय."

काकांचा घास हातातच राहिला. "त्या दिवशी लिहिण्यासारखं काही नाही."

"असं कसं? पोलिओची लस गुणकारी आहे, हे त्याच तारखेला जाहीर झालं. माणूस पहिल्यांदा अवकाशात गेला तो त्याच तारखेला. तुम्हाला माहीत नाही असं सांगू नका."

माहीत तर होतंच. पुसलेल्या तीन ओळींत या दोन्ही होत्या.

"चांगलं तेवढंच लिहायचं, हा तुमचा नियम," मुलगी म्हणाली. तिचा आवाज चढला नव्हता, पण डोळे भरले होते. "मग बारा तारीख कोरी ठेवता, तेव्हा मी कशात मोडते, बाबा?"

"अगं, जेवू दे त्याला," अक्का म्हणाली. पण तिनंही पुढे काही समजूत घातली नाही. एका दिवसानं काय बिघडलं होतं, ते तिला समोर दिसत होतं.

काका ताट घेऊन उठले. मुलीनं पुन्हा विषय काढला नाही.

बारा एप्रिलला सकाळी ती उठली, तर काका घरात नव्हते. ती तशीच डेपोत गेली. काका फळ्यासमोर उभे होते आणि चार हात मागे ड्रायव्हर-कंडक्टर चहाचे पेले धरून उभे होते. लस लिहून झाली होती. अवकाशातला माणूस लिहून झाला होता. बरोबर वीस वर्षांनी, त्याच तारखेला, पुन्हा पुन्हा वापरता येणारं अवकाशयान पहिल्यांदा झेपावलं, तेही लिहून झालं होतं. काकांनी चौथी ओळ सुरू केली. इतक्या वर्षांत फळ्यावर चौथी ओळ कोणी पाहिली नव्हती.

"आज माझ्या मुलीचा वाढदिवस. तिला जन्म देणाऱ्या बाईचे आणि तिला वाढवणाऱ्या या डेपोचे आभार मानायचे राहून गेले होते. ते आज मानतो."

एका जाड्या ड्रायव्हरनं नाक पुसलं आणि धुळीला दोष दिला. मुलगी पुढे झाली. काकांनी खडूचा हात सदऱ्याला पुसला आणि तिच्या डोक्यावर ठेवला.

"तुझ्या आईनं तुला घेतलं होतं," ते म्हणाले. "चांगला तासभर. तुझी बोटं मोजली, मला दाखवली. हसत होती गं. हा दिवस मी पुसला आणि त्याबरोबर हेही पुसलं. तुला कधी सांगितलंच नाही."

मुलगी खिडकीमागच्या बाकावर बसली आणि तिनं त्यांना हात धरून शेजारी बसवलं.

"आता सांगा," ती म्हणाली. "अगदी सकाळपासून सांगा."