वंदनाचे स्क्रीनशॉट

वंदना गेल्याचं शिक्षकांच्या ग्रुपवर कळलं. खरं सांगते, मला आधी रडू आलं नाही. मनात आलं, आता ही कधीच कबूल करणार नाही. बुलढाण्याला डी.एड.ची दोन वर्षं जिच्यासोबत एका खोलीत काढली, एका स्टोव्हवर खिचडी शिजवली, तिच्याबद्दल हा पहिला विचार... पण चार वर्षं तो संशय मी उराशी धरून बसले होते.

तिची एक खोड आम्हा सगळ्या शिक्षकांना माहीत होती. ऑनलाइन काही भरायचं असलं की पानागणिक स्क्रीनशॉट. नाव टाकलं, स्क्रीनशॉट. जन्मतारीख टाकली, पुन्हा स्क्रीनशॉट. लॅपटॉपवर प्रिंट स्क्रीनचं बटण दाबायची आणि एका फाईलमध्ये एकाखाली एक चिकटवत जायची. फोनवर तीन बोटं खाली ओढायची, खटकन आवाज आला की मगच तिचा जीव भांड्यात पडायचा. "एवढे फोटो काऊन काढून राह्यली वं?" मी वैतागून विचारायची. "मले या मशीनचा भरोसा नाही. आज भरलं म्हणते, उद्या म्हणंन तुम्ही कोण?" व्हॉट्सअ‍ॅपवर लग्नाची पत्रिका आली तरी बाई स्क्रीनशॉट काढून ठेवायच्या. का, तर उद्या म्हणतील तुले बोलावलंच कोनं होतं!

बदल्यांचे ऑनलाइन फॉर्म निघाले तेव्हा माझी आई खामगावला एकटी होती, गुडघ्यांनी पार बसलेली. मला तिच्याजवळची शाळा हवी होती. कॉम्प्युटर मला जमत नाही, म्हणून माझा फॉर्म वंदनानंच तिच्या लॅपटॉपवर भरला. पहिली पसंती खामगावजवळची शाळा. तिनं स्वतःही तीच मागितली होती, पण म्हणाली, "तू सीनियर हायेस, तुलेच भेटंन." फॉर्मवर मोबाईल नंबर आमच्या ह्यांचा होता, म्हणून ओटीपीसाठी तिनं माझ्या सासरच्या गावी, बीबीला, ह्यांच्या दुकानावर फोन लावला. पासवर्ड लिहिलेला कागद मी घरी आल्यावर ह्यांच्याकडेच ठेवायला दिला.

यादी लागली. मला बीबीची शाळा, सासरच्या दारातली. आणि खामगावजवळची वंदनाला.

जेवताना हे म्हणाले, "फॉर्म तिच्याच लॅपटॉपवर भरला ना तू? मंग!" तेवढं एक 'मंग' पुरे झालं. मी हात न धुताच फोन लावला. "माझ्या फॉर्मचे स्क्रीनशॉट पाठव." ती म्हणाली, "डिलीट झाले वं. जाऊ दे आता." लग्नाच्या पत्रिका जपून ठेवणारी बाई, आणि नेमके माझेच डिलीट झाले? पाणी कुठं मुरतंय ते मला कळलं. नको ते बोलले मी तिला. चोर म्हटलं. तिनं ऐकून घेतलं आणि एवढंच म्हणाली, "आईकडं मी जात जाईन, तू काळजी करू नको."

आणि ती जात होती. शाळा सुटली की डबा घेऊन, गुडघ्याचं तेल घेऊन. आई फोनवर तिचं कौतुक करायची आणि माझं डोकं फिरायचं. मन खातंय म्हणून करते, असं मी म्हणायची. दुसऱ्या वर्षी आई गेली, तेव्हा उशाशी वंदना होती. मी मेहकरला बस बदलून पोचेपर्यंत सगळं संपलं होतं. त्या दिवशीसुद्धा मी तिच्याशी बोलले नाही.

वंदनाच्या तेराव्याला गेले ती लोकलाजेस्तव. तिची मुलगी लॅपटॉप घेऊन आली. "मावशी, तुमच्या नावाची फाईल हाये. पाहून घ्या."

बावीस स्क्रीनशॉट होते. एकही डिलीट झालेला नव्हता. पहिल्या वीसमध्ये माझा फॉर्म, जसा सांगितला तसा. पहिली पसंती खामगावजवळची. शेवटचे दोन यादी लागल्यानंतर काढलेले, पासवर्ड तिला ठाऊकच होता. फॉर्म भरल्यावर चार दिवसांनी कोणीतरी तो पुन्हा उघडला होता. पहिली पसंती बीबी केली होती. खाली ओटीपी गेलेल्या मोबाईलचे शेवटचे चार आकडे होते. ते आकडे मला पाठ आहेत, तो नंबर मी दिवसातून दहादा लावते.

म्हणजे वंदनाला सगळं माहीत होतं. माझा संसार मोडू नये म्हणून तिनं चोरीचा आळ अंगावर घेतला, माझ्या आईची सेवा केली, आणि गेली. आणि मी गाढवीण, मशीनवर भरोसा नसलेल्या बाईवर संशय घेत राहिले आणि भरोसा ठेवला तो भलत्याच माणसावर. वंदे, मला माफ कर वं. तुझ्या तोंडावर म्हणायला पाहिजे होतं.

ह्यांना मी अजून काही विचारलेलं नाही. तोंडानं विचारलं की माणूस तोंडानं फिरवतो. म्हणून हे सगळं लिहून पेपरला पाठवलं. रविवारी चहासोबत हे आधी ही पुरवणीच उघडतात.

अहो, वाचून झालं असेल तर आत या. मी स्वयंपाकघरात आहे.