पेवातली तेजी

हिंदुस्थानात कुणाला कधी ताप येणार हे डॉक्टरांच्याही आधी सांगणारा एकच माणूस मी आयुष्यात पाहिला, आणि तो नेमका माझा सासरा निघाला. लग्न ठरताना ही गोष्ट आम्हाला कुणी सांगितली नव्हती. मुलगी सांगलीची, वडील हळदीच्या बाजारातले जुने अडते, हरिपूरला हळद साठवायची स्वतःची पेवं, माणूस शब्दाचा पक्का, एवढीच माहिती घरी आली होती. माझं साताऱ्याला औषधांचं दुकान आहे हे मात्र त्यांना कुणीतरी फार खुलवून सांगितलं असावं. कारण मुलगी बघायला गेलो तेव्हा पोह्यांची बशी हातात देता देता त्यांनी मला पहिला प्रश्न विचारला तो असा : "टेट्रासायक्लिन यंदा चढंल का उतरंल?" मी म्हटलं, सरकारनं भाव बांधून दिलेत, चढायचा-उतरायचा प्रश्न येत नाही. ते समजुतीनं हसले आणि माझ्या वडिलांना म्हणाले, "पोरगं गुणी हाय. बाजार कळत न्हाई एवढंच." मुलीला स्वयंपाक येतो का हे आमच्याकडून कुणी विचारलंच नाही, कारण पुढचा सगळा वेळ मामांनी पेनिसिलिनवर घेतला. आमच्याकडे सासऱ्यांना मामाच म्हणतात.

त्यांची उभी हयात हळदीत गेली होती. अंगरखा, धोतर, कानाच्या पाळ्या, सगळं कायमचं पिवळं. सत्तर सालाच्या आसपास कधीतरी त्यांच्या पाठीला मोठं गळू झालं आणि डॉक्टरांनी पेनिसिलिनच्या सुया टोचून ते बरं केलं. दुसऱ्या कुणाला त्या औषधाचं कौतुक वाटलं असतं. मामांना वाटलं ते वेगळ्याच गोष्टीचं. "जावईबापू, मी तीस वर्सं बाजारात हाय. हळदीला लोक नखानं कुरतडून बघत्यात, गूळ चाखून बघत्यात. पर सुई घेताना एक माणूस घासाघीस करत न्हाई! असला माल अजून सांगलीच्या बाजारात आल्याला न्हाई." त्या दिवसापासून अँटिबायोटिक हा शब्द ते हळद, गूळ, शेंग यांच्याच रांगेत उच्चारू लागले. रोजचा व्यापार हळदीचा, पण जीव सगळा कॅप्सूलमध्ये.

साध्या गावच्या बाजाराचा अंदाज त्यांना नको असे. अंदाज सांगायचा तो सगळ्या देशाचा. संध्याकाळी रेडिओवर हवामानाच्या बातम्या लागल्या की घरात कुणी भांडं वाजवायचं नाही. बाकीचे लोक पाऊस ऐकत, मामा त्यातून रोग ऐकत. उत्तरेत थंडीची लाट म्हटलं की पंजाबातल्या छात्या भरल्या. बंगालात नद्यांना पाणी म्हटलं की टायफॉइडवरचं क्लोरॅम्फेनिकॉल वर. गुजरातेत लग्नसराई लांबली की वाजंत्री आणि वऱ्हाडी मिळून घसे बसवणार. कोकण किनाऱ्यावर तुरळक सरी एवढं ऐकलं तरी मांडीवर थाप मारून ते म्हणत, "तुरळक खोकला!" आणि तोंड पाडून बसत, कारण तुरळक खोकल्यावर बाजार हलत नाही.

प्रत्यक्ष पाहणीशिवाय मात्र ते कधी बोलत नसत. आमच्याकडे यायचं तर सांगलीहून साताऱ्यापर्यंतचा प्रवास ते डोळे मिटून करत. शेजारच्यांना वाटे म्हातारबाबांना झोप लागली. मामा खोकले ऐकत असत. घरात पाऊल टाकलं की पाणी पिण्याआधी अहवाल : "पलूसच्या बाजूला कोरडा हाय. कराडच्या वर आलो आन् ओला लागला. लय चांगला ओला." एकदा फलटणला नात्यातलं लग्न होतं. भर पंगतीत त्यांनी शेजारच्या अनोळखी पाहुण्याला जीभ बाहेर काढायला लावली. तो बिचारा मुलाकडचा मोठा माणूस होता, आणि जिलबी वाढणारा जिलबी हातात धरून तिथंच उभा राहिला. मामांनी जीभ नीट पाहिली, "फलटणला दम न्हाई," असं मला सांगितलं आणि भाताला हात घातला. मुलाकडची मंडळी पुढं दोन वर्षं आमच्याशी बोलत नव्हती. मामांना त्याचं काही वाटलं नाही. साखर कारखान्याचा हंगाम सुरू झाला, ऊसतोडीला कोयते लागले, की जखमा होणारच आणि फलटण सुधारणार, असा धीर त्यांनी उलट मलाच दिला.

त्यांचे अंदाज बहुतेक चुकत. पंजाबात ऊन पडे, बंगालातली माणसं ठणठणीत राहत. त्यावर त्यांचं उत्तर ठरलेलं असे, "टळलं न्हाई, पुढं सरकलंय." आणि मग नवा अंदाज सांगलीच्या पहिल्या गाडीनं निघे. आमच्या दुकानासमोर एस्टी थोडी हळू व्हायची, कंडक्टर खिडकीतून अर्धा बाहेर येऊन ओरडायचा, "तुमच्या सासऱ्यांनी सांगितलंय, टेट्रासायक्लिन सोडू नगा!" अख्खा रस्ता ऐकायचा. सातारचे डॉक्टर दुकानात येऊन मला गंभीरपणे विचारायचे, "काय, मामांचा कल काय आज?" स्वतः मामांनी मात्र जन्मात कॅप्सूल तोंडात घातली नाही. ताप आला तर हळद घातलेलं दूध. "आपला माल आपून खायचा न्हाई," म्हणत, आणि घोटभर हळद पिऊन टाकत. हळद हाही आपलाच माल, हे त्यांना सांगायची हिंमत फक्त सासूबाईंत होती. त्या सांगतही, रोज.

एका मोठ्या कंपनीचा विक्री-प्रतिनिधी महिन्यातून एकदा माझ्याकडे येई. मुंबईचा पोरगा, कडक उन्हातही टाय, बोलणं मऊ. मामा एकदा त्याच वेळी दुकानात होते. त्यांनी त्याची बॅग पाहिली, बूट पाहिले, आणि मी ओळख करून देईपर्यंत त्याचा उजवा हात धरून आपल्या उपरण्याखाली ओढला. आता हळदीच्या बाजारातली रीत अशी की भाव तोंडानं बोलायचा नाही. रुमालाखाली हातात हात घ्यायचा आणि बोटं दाबून सौदा ठरवायचा, म्हणजे शेजारच्याला कळत नाही. हे त्या पोराला कुणी सांगावं? मामा एक एक बोट दाबत त्याच्या डोळ्यांत बघू लागले. पोरगा पांढराफटक. शेवटी रडवेला होऊन मला म्हणाला, "साहेब, साखरपुड्याची अंगठी आहे हो!" मामांनी हात सोडला आणि निराशेनं मान हलवली. "कंपनी मोठी हाय, पर ह्यांच्या बोटात काय न्हाई."

एवढ्यावर थांबले असते तर मामा नुसते एक गमतीचे गृहस्थ म्हणून राहिले असते. पण एका वर्षी साखर, रॉकेल, मुलांच्या दुधाची पावडर, जे जे लागतं त्या सगळ्याची टंचाई होती, आणि मामांच्या मनानं घेतलं की पुढची पाळी क्लोरॅम्फेनिकॉलची. सांगलीतल्या एका घाऊक औषधवाल्या मित्राकडून त्यांनी डबेच्या डबे घेतले. मी ऐकलं आणि विचारलं, ठेवलेत कुठं? मामा हळूच म्हणाले, "पेवात."

हरिपूरची पेवं ज्यांनी पाहिली नाहीत त्यांना सांगायला हवं. जमिनीत खोल खणलेलं रांजणासारखं कोठार, आत उसाचं पाचट आणि चटया लावलेल्या. त्यात हळद भरायची, तोंड मातीनं लिंपून टाकायचं आणि भाव येईपर्यंत वर्षानुवर्षं विसरून जायचं. हळदीला कीड लागत नाही, रंग उलट खुलतो. मामांनी हळदीच्या पोत्यांत मधोमध डबे ठेवून पेव बंद केलं होतं. मी कपाळावर हात मारला. म्हटलं, मामा, डब्यावर मुदत छापलेली असते! त्यांनी माझ्याकडे कीव आल्यासारखं पाहिलं. "आवं, ती कंपनीनं गिऱ्हाइकाला भ्या दाखवायला छापल्याली असती. हळदीवर कुटं तारीख असती? पेवात जेवढं ऱ्हाईल तेवढं चढंल." बरं, उघडा म्हणावं तर अर्ध्यात उघडलेलं पेव हळदीला बाधतं. सासूबाई तेवढं म्हणाल्या, "त्यांस्नी बोलून उपेग न्हाई. मला ह्यांनी पेवात घातली न्हाई हेच नशीब."

आणि काय सांगू, दोन-तीन वर्षांनी मामांचा अंदाज खरा ठरला. आयुष्यात पहिल्यांदा. परदेशातून येणारा कच्चा माल कुठं अडकला कोण जाणे, पण माझ्या कपाटातला क्लोरॅम्फेनिकॉलचा कप्पा रिकामा झाला, मग शेजाऱ्याचा, मग कराडचा, मग सांगलीचा. कंडक्टर रोज ओरडत होता, "सासरे म्हणत्यात, सांगितलं हुतं का न्हाई!" हळदीच्या बाजारात मामांचा भाव वाढला. ज्यांनी त्यांची टिंगल केली होती ते पान खायला बोलावू लागले.

त्याच आठवड्यात सासूबाईंना ताप भरला. मामा म्हणाले, हवा बदलली. ताप हटेना तेव्हा डॉक्टर आले, पोट तपासलं, जीभ पाहिली आणि म्हणाले, टायफॉइड. औषध एकच आणि ते गावात नाही. बाकी पुढचं मला बायकोनं सांगितलं. ती आईजवळ होती. डॉक्टर मामांकडे वळून म्हणाले, "पण तुमच्याकडे साठा आहे ना?" मामा ताठ उभे राहिले. "हाय की! आत्ता काढतो." सासूबाई पडल्या पडल्या क्षीण आवाजात म्हणाल्या, "आवं, मला काय भाव लावताय?"

पेव आत्ता काढतो म्हणून निघत नाही. आत कोंडलेल्या हवेत माणूस गुदमरतो, म्हणून तोंड उघडून वाट बघावी लागते आणि दोरीनं कंदील सोडून पाहावा लागतो. कंदील विझला की अजून कुणी उतरायचं नाही. हा नियम मामांनी शेकडो हमालांना शिवी घालून शिकवला होता. त्या दिवशी कंदील सारखा विझत होता आणि मामा स्वतः उतरायला निघाले होते. हमालांनी त्यांना कमरेला धरून बसवलं. "मालक, तुमीच शिकिवलंय न्हवं?" म्हणत ते धरून राहिले, आणि मामा पेवाच्या तोंडाशी उकिडवे बसून त्या ज्योतीकडे बघत राहिले. उन्हं कलल्यावर कंदील टिकला. डबे वर आले. डॉक्टरांनी एक उघडला. आतल्या कॅप्सूल एकमेकींना चिकटून गुळासारखी ढेप झाली होती आणि हळदीचा वास येत होता. मुदत तर केव्हाच संपली होती. डॉक्टरांनी झाकण लावून डबा खाली ठेवला.

दुसऱ्या दिवशी साताऱ्याला माझ्या दुकानासमोर गाडी हळू झाली नाही, थांबली. कंडक्टर खाली उतरला. हळू आवाजात म्हणाला, "सासूबाई लय आजारी हाईत. टायफॉइड. मामांनी सांगितलंय, भाव इचारू नगा, मिळंल तिथनं औषध घिऊन या." आणि जाता जाता वळून म्हणाला, "दोनदा सांगितलं त्यांनी, भाव इचारू नगा."

माझ्या दुकानात एक कॅप्सूल नव्हती. नेमका तो मुंबईचा पोरगा तेव्हा गावात उतरला होता. त्याच्या बॅगेत डॉक्टरांना वाटायच्या नमुन्याच्या दोन-तीन बाटल्या निघाल्या. त्यांनी भागणारं नव्हतं. तेव्हा त्यानं टाय सैल केला आणि ज्या ज्या डॉक्टरला त्यानं नमुने दिले होते त्या प्रत्येकाच्या दवाखान्यात मला घेऊन गेला. "दिलेला नमुना परत मागणारा मी कंपनीतला पहिलाच," असं म्हणत होता. डॉक्टरही भले. मामांचं नाव ऐकून खण उघडत. पुरेसं जमलं तसे आम्ही दोघं सांगलीच्या गाडीत बसलो.

सासूबाई वाचल्या. मामा उशाशी बसून घड्याळाकडे बघत वेळच्या वेळी कॅप्सूल देत होते, आणि त्या म्हणत होत्या, "तुमचा माल न्हाई न्हवं ह्यो?" पण हे पुढचं झालं. आम्ही पोचलो तेव्हा ओट्यावर मामा उभे होते. बाटल्यांची पिशवी त्यांनी माझ्या बायकोच्या हाती दिली आणि त्या पोराचा हात धरून उपरण्याखाली घेतला. पोरगा या वेळी घाबरला नाही. कोणतं बोट दाबतात याची वाट बघत उभा राहिला. मामांनी एकही बोट दाबलं नाही. त्याचा सगळा पंजा दोन्ही हातांत धरून ते बराच वेळ तसेच उभे राहिले, आणि त्यांच्या पिवळ्या गालांवरून पाणी खाली येत होतं. मी दुसरीकडे बघितलं.

ते डबे मामांनी स्वतः खड्डा खणून पुरले. मला वाटलं, सुटलो. पण हवामानाच्या बातम्या चालूच राहिल्या आणि गाडीबरोबर अंदाजही. फक्त कल पालटला. पंजाबात थंडी पडो, बंगालात पूर येवो, कंडक्टर एकच ओरडे, "मंदी म्हणत्यात! देशभर मंदी!" दिवाळीला गेलो की फराळाचं ताट पुढे करून ते समाधानानं सांगत, "जावईबापू, यंदा कुणाला काय हुईत न्हाई. तुमचं दुकान बसतंय बगा." जावयाला असा आशीर्वाद देणारा सासरा मी तरी दुसरा पाहिला नाही. आणि यातलेही बहुतेक अंदाज चुकले. लोक आजारी पडत राहिले, माझं दुकान चालत राहिलं.

आता मामा नाहीत. सांगलीची पहिली गाडी अजून त्याच वेळेला दुकानासमोरून जाते, आणि कंडक्टर नवा आहे, त्याला काही माहीत नाही. तरी गाडी आली की मी गिऱ्हाइकाचे पैसे हातात धरून क्षणभर थांबतो. गाडी पुढं निघून जाते, आणि समोरचा माणूस खोकत असला तर मी मनात म्हणतो, मंदी राहू दे.