तिठ्यावरचा नारळ

आचऱ्याहून मालवणला येणाऱ्या एसटीत माझ्या शेजारी एक गृहस्थ बसले होते. बाहेर खाडी डुलक्या घेत होती आणि तिच्यासोबत निम्मी एसटी. मी मात्र स्टँडवर सापडलेला पेन ड्राइव्ह ऐटीत फिरवत होतो. कधी एकदा घरच्या कॉम्प्युटरला लावतो असं झालं होतं. त्याच कॉम्प्युटरात वडिलांच्या आवाजातली, देवापुढे घातलेली गाऱ्हाणी होती, दुसरीकडे कुठेच नव्हती.

"खंय गावलो?" त्यांनी विचारलं.

"स्टँडवर पडला होता!"

त्यांनी दोन्ही हात कानांना लावले. "दृष्ट उतरून तिठ्यावर टाकलेलो नारळ कोण घराक नेता?"

मी हसलो. त्यांनी खिशातून स्वतःचा पेन ड्राइव्ह काढला आणि बाळासारखा थोपटला. "हो मेललो. इंटरनेटवर फुकट प्रोग्राम आसा, कोणीय घेवचो. त्येणा मी चिपची बुद्धी परत लिवलंय आणि हो जितो झालो. पण त्याच प्रोग्रामान दुसरो कोणतरी आत भूत बसयता. मगे कॉम्प्युटराक वाटता कीबोर्ड लावलो, आणि भूत त्या कीबोर्डावर टाईप करता तसा कॉम्प्युटर वागता."

"मग प्रोग्रामच बंद करा की!"

"मगे मेलले जिते कोण करतलो?"

मी पेन ड्राइव्ह त्यांच्या हातावर ठेवला. "रिकाम्या कॉम्प्युटरावर बघतंय," म्हणत ते उतरले आणि माडांत विरघळले. भूत उतरवणारे भगत होते की भूत सोडणारे, देव जाणे.

घरी वडिलांचा आवाज लावला. "वाटेवरली बाधा वाटेवरच रवांदे, रे म्हाराजा!"

गाऱ्हाण्याला सगळे मिळून देतात तो होकार मी खुर्चीतून उठून एकटाच गरजलो, "व्हय म्हाराजा!"