न उलटलेलं पान

जपानमधल्या फुनाबोरीतले आमचे शेजारी आजोबा एका विसरल्या गेलेल्या जर्मन कादंबरीकाराचं जपानीत भाषांतर करतात. तो गिरणीकामगारांच्या खोल्यांत राहून दिसेल तेच लिहायचा. आजोबाही तसेच काटेकोर. कादंबरीतल्या म्हातारीचा खोकला नीट उतरावा म्हणून, पुण्याहून आलेल्या माझ्या आईचा खोकला त्यांनी कमरेत वाकून, परवानगी मागून वहीत टिपला. मला रागच आला होता.

मग आई हॉस्पिटलात गेली. कचरा ठेवायला खाली गेलो की आजोबा विचारायचे, "आज कशा आहेत?"

एकदा मी विचारलं, "तुमची म्हातारी कुठवर आली?"

"पुढच्या पानावर मरते," ते म्हणाले. "लेखकाचा शब्द मला बदलता येत नाही. तुमच्या आई घरी येऊ देत, मग पान उलटतो."