वफ्र्यातलं बैरूत

कुवेतबद्दल लिहा, असं गावच्या वाचनालयातले लोक मला कित्येक वर्षं सांगत आले आणि मी टाळत आलो. मुनीरला वगळून लिहिलं तर ते खोटं झालं असतं. मुनीरचं लिहायचं तर माझंही लिहावं लागलं असतं. आता वय झालं. लिहून टाकतो.

नव्वदच्या दशकात, युद्ध संपल्यावर, मी सुतारकामाच्या करारावर कुवेतला उतरलो. जलीब अल शुयूख या कामगारवस्तीत आठ जणांची खोली. सहा दिवस कफीलचं (ज्याच्या नावावर आपला परवाना, त्या मालकाचं) काम, शुक्रवारी सुट्टी. अशाच एका शुक्रवारी चहाच्या दुकानात एक उंच, टकला माणूस सुतार शोधत आला. लेबनॉनचा नट मुनीर. टीव्हीवर तो विनोदी नोकर व्हायचा. दुकानदार त्याला बघूनच हसायला लागला. त्याला आता स्वतःचा सिनेमा काढायचा होता.

"कफीलची परवानगी आहे ना?" त्याने मोडक्या हिंदीत विचारलं.

"आहे," मी म्हणालो. नव्हती. दुसऱ्याकडे काम करणं गुन्हा होता. पण सिनेमा म्हटल्यावर मला राहवेना.

खोलीतला मालवणचा बाबल्या म्हणाला, "पडद्यार तू दिसतलंस काय तुझो दरवाजो?"

"दरवाजो."

"मगे बरा. लोक उठान जावचे नाय."

वफ्र्याला, कुवेतच्या दक्षिणेकडच्या शेतांच्या भागात, जाताना पिकअप वाळूत रुतली. मुनीरसकट सगळ्यांनी ढकलली. टोमॅटोच्या हरितगृहांमागे, खजुरीच्या बागेत, मी प्लायवुडची बैरूतची गल्ली उभी केली. सज्जे, जिना, एक निळं दार. मुनीरने सगळं आठवणीतून खोक्याच्या पुठ्ठ्यावर काढून दिलं होतं. दुपारी झातर (सुकी पानं, तीळ आणि तेल) लावलेली गरम रोटी खाताना तो स्वतःविषयी सांगायचा. सोळाव्या वर्षी रंगमंचावर नुसता ट्रे घेऊन आला, पाय अडखळला, लोक हसले आणि तो विनोदी नट ठरला. मग तिकडचं युद्ध आलं. नाटकगृह बंद पडलं, घर गेलं.

"लोकांना मी पडणारा हवा," तो म्हणाला. "मला एकदा घरी परतलेला बाप करायचाय."

चित्रीकरणात तो दार ठोठावणार आणि मी आतून उघडणार, असं ठरलं होतं. त्याने असं ठोठावलं की मी ऐकतच राहिलो, उघडायचं विसरलो. तो ठोठावत राहिला, मग दाराला कान लावून उभा राहिला. नंतर माझ्या पाठीवर थाप मारून म्हणाला, "हेच ठेवायचं." तेवढा आनंद मला स्वतःच्या लग्नातही झाला नव्हता.

पुढच्या शुक्रवारी मंदूब (कफीलची कागदपत्रं पाहणारा) पोलीस घेऊन आला. मला एकट्याला बाजूला नेऊन विचारलं, "तुला इथे कोणी आणलं?"

मी मुनीरकडे बोट केलं. "कफीलशी बोललोय असं सांगून यांनी आणलं." अरबी कागदावर सही केली. मला समज देऊन सोडलं. मुनीरला नेलं, गल्ली तोडली. टीव्हीचं कामही गेलं आणि त्याला देश सोडावा लागला, हे नंतर कळलं. मी करार पुरा करून गावी परतलो.

दहाएक वर्षांनी मुलगी नर्स होऊन तिकडे गेली. तिच्याकडे, अबू हलीफाला, मी आणि बायको राहायला गेलो. सज्ज्यातून समुद्र दिसायचा. एकदा तिने पेपर दाखवला. मुनीरचा सिनेमा लागला होता आणि तो स्वतः येणार होता. मी तिच्याबरोबर गेलो. दाराचा तो प्रसंग तसाच होता. सभागृहात कोणी हसलं नाही.

बाहेर गर्दीतून त्याने मला हेरलं. "नज्जार (सुतार), तूच ना?" त्याने मिठीच मारली. "तुझ्या कफीलने शब्द फिरवला आणि तुझ्याकडून जबरदस्तीने सही घेतली, मला ठाऊक आहे. मीच त्याला विचारायला हवं होतं. माझ्यामुळे तू अडकलास. माफ कर, भाई."

मुलगी कौतुकाने बघत होती. मी म्हणालो, "कोई बात नहीं, उस्ताद."

गावी निघायच्या दिवशी विमानतळावर तिने मुनीरने तिला दिलेला नंबर लावून फोन माझ्या हातात दिला. तिकडून त्याचा हसरा आवाज आला, "बोल, हबीबी."

"निघालो," मी म्हणालो. मी आणखी काही बोलेन म्हणून तो थांबला होता. मी फोन मुलीला परत दिला.